ईव्ह-एनजीवर प्रशिक्षणाची लॅब: उभारणी, वापर आणि बंदोबस्त

सीसीएनए-सीसीएनपी या सिस्कोच्या नेटवर्किंग परीक्षांच्या तयारीसाठी आता कोणी जुने राउटर रॅकभर विकत घेत बसत नाही. एक बऱ्यापैकी सर्व्हर घ्यायचा, त्यावर ईव्ह-एनजी किंवा जीएनएस३ हे आभासी राउटर-स्विच चालवणारं सॉफ्टवेअर टाकायचं, की पंधरा मुलांची बॅच ओएसपीएफपासून बीजीपीपर्यंत राउटिंगचं सगळं स्वतःच्या हाताने करून बघते. शिकवणाऱ्याला आणि शिकणाऱ्याला याहून मोठी सोय नाही. पण हा सर्व्हर ज्या अवस्थेत अनेक क्लासमध्ये चालू असतो, ती बघून जीव कासावीस होतो. पासवर्ड इन्स्टॉल करताना आलेला तोच, कन्सोल (राउटरला आदेश देण्याच्या खिडक्या) सगळ्यांना उघडे, लॅबचा ब्रिज (आभासी यंत्रांना जोडणारा सॉफ्टवेअर स्विच) सरळ ऑफिसच्या लॅनमध्ये, आणि घरून वापरता यावं म्हणून राउटरवर पोर्ट फॉरवर्ड केलेला. विचारलं तर उत्तर ठरलेलं असतं: "लॅबच तर आहे."

अशा सॉफ्टवेअरमधला, म्हणजे एम्युलेटरमधला, राउटर हे राउटरचं चित्र नसतं. त्यात खरी ऑपरेटिंग सिस्टिम चालते, ती खऱ्या फ्रेम (नेटवर्कवरचे डेटाचे तुकडे) सोडते, आणि वाट मिळाली की त्या फ्रेम खऱ्या स्विचपर्यंत पोचतात. त्यामुळे मी एकच कसोटी लावतो: आतमध्ये मुलांनी हवं ते मोडावं, पण लॅब बाहेरच्या जगाला जिथे जिथे भिडते, ती प्रत्येक जागा लॅब चालवणाऱ्याला माहीत असावी आणि त्याच्या ताब्यात असावी. पुढची सगळी पावलं त्या हिशेबाने मांडली आहेत. उदाहरण म्हणून दहा-पंधरा मुलांची बॅच आणि ईव्ह-एनजीची मोफत कम्युनिटी आवृत्ती धरली आहे.

कुठलं सॉफ्टवेअर घ्यावं

पॅकेट ट्रेसर हा सिम्युलेटर आहे. सिस्कोने लिहिलेलं ते वर्तनाचं अनुकरण, त्यात खरं आयओएस, म्हणजे सिस्कोच्या राउटरची ऑपरेटिंग सिस्टिम, नाही. शिकण्याच्या पहिल्या दोन महिन्यांतल्या मुलांसाठी तो उत्तम, आणि धोकाही जवळजवळ नाही. जीएनएस३ डायनामिप्स या एम्युलेटरच्या पायावर उभं राहिलं आणि पुढे आभासी यंत्रं चालवणारं क्यूईएमयू, कंटेनर चालवणारं डॉकर, सगळं सामावून घेतलं. एकट्याने लॅपटॉपवर अभ्यास करणाऱ्यासाठी आजही मी तेच सुचवतो. सिस्कोचं स्वतःचं सीएमएल (सिस्को मॉडेलिंग लॅब्ज) विकत मिळतं. त्याची पाच नोडपर्यंतची (नोड म्हणजे लॅबमधलं एक यंत्र) मोफत आवृत्तीही आहे, आणि इमेज (उपकरणांच्या ऑपरेटिंग सिस्टिमच्या फाइल) कुठून आणायच्या हा प्रश्न त्यात उरत नाही. कंटेनरलॅब हे यामल या साध्या मजकुराच्या फाइलमधून लॅब उभी करणारं हलकं साधन. ज्यांना ऑटोमेशन शिकायचं आहे त्यांनी तिकडे जरूर वळावं.

बॅचसाठी मात्र ईव्ह-एनजी सोयीचं पडतं, कारण मुलांच्या मशीनवर ब्राउझर सोडून काही लागत नाही. हे युनेटलॅब या जुन्या प्रकल्पाचं पुढचं रूप, म्हणून त्याच्या फोल्डरांवर अजून तेच नाव दिसतं. कम्युनिटी आवृत्तीत एका लॅबमध्ये ६३ नोड बसतात. क्लाससाठी ते भरपूर झाले. खरी अडचण वेगळी आहे: कम्युनिटीत तुम्ही जितके युजर कराल ते सगळे अॅडमिनच. भूमिका आणि हक्क वेगळे करायचे असतील तर विकतची प्रोफेशनल आवृत्ती लागते. संस्था फी घेऊन लॅब देत असेल, तर तो खर्च करावा असं माझं स्पष्ट मत आहे. जमत नसेल तर पुढे सांगितलेली बंदिस्ती दुप्पट काटेकोरपणे करा.

मशीनचा हिशेब

रॅम आधी कागदावर मांडा. आयओएसव्ही हा सिस्कोचा आभासी राउटर ५१२ एमबी घेतो, आयओएसव्हीएल२ स्विच ७६८ एमबी. चार राउटर आणि दोन स्विच म्हणजे एका मुलामागे साडेतीन जीबी, पंधरा मुलांना साडेबावन्न. होस्टचं स्वतःचं धरून ६४ जीबीत हे कसंबसं मावतं. ईव्हच्या कर्नलमध्ये सारखी मेमरी पानं एकत्र करणारी यूकेएसएम नावाची सोय आहे, त्यामुळे एकसारख्या इमेज चालवताना प्रत्यक्ष वापर कमी भरतो, पण तिच्या भरवशावर खरेदी करू नका. चार जीबी घेणारे कॅटॅलिस्ट ८०००व्ही राउटर प्रत्येकी तीन द्यायचे म्हटले, तर हाच आकडा १८० वर जातो.

बायोसमध्ये प्रोसेसरची व्हर्च्युअलायझेशनची सोय, म्हणजे व्हीटी-एक्स किंवा एएमडी-व्ही, चालू हवी. ईव्ह जर व्हीएमवेअर वर्कस्टेशनच्या आत चालवत असाल, तर व्हीएमच्या प्रोसेसर सेटिंगमध्ये व्हर्च्युअलायझेशन आत पोचवण्याचा पर्याय टिक करा. विंडोज ११ वर तो टिक करूनही व्हीएम सुरू व्हायला नकार देते, असा अनुभव बऱ्याच जणांना येतो. बहुतेक वेळा विंडोजच्याच मेमरी इंटिग्रिटी आणि हायपर-व्ही या सोयी आड आलेल्या असतात. इथे लगेच "मेमरी इंटिग्रिटी बंद करा" असा सल्ला मिळतो. रोजच्या कामाच्या, बँकिंगच्या लॅपटॉपवर मी तो देणार नाही, कारण ती सोय विंडोजच्या कर्नलचं रक्षण करते. लॅबसाठी वेगळं मशीन ठेवा आणि ईव्ह शक्यतो त्यावर थेट बसवा.

पहिल्या तासात करायचं काम

इन्स्टॉल झाल्यावर वेबचं लॉगिन 'अॅडमिन', पासवर्ड 'ईव्ह'. लिनक्सच्या रूटचा, म्हणजे सर्वाधिकारी खात्याचा, पासवर्डही मुळात 'ईव्ह'च. पहिल्या बूटला सेटअप रूटचा नवा पासवर्ड विचारतो, आणि तिथेही घाईत तोच पुन्हा टाकणारे मी पाहिले आहेत. हे दोन्ही पासवर्ड सगळ्या जगाला माहीत आहेत, त्यामुळे मशीन नेटवर्कला जोडण्याआधीच बदला. दोन्ही वेगळे ठेवा. जीएनएस३ वापरत असाल तर त्याच्या व्हीएमचं लॉगिन 'जीएनएस३' आणि पासवर्डही तोच, हे लक्षात असू द्या. तिसऱ्या आवृत्तीपासून जीएनएस३ सर्व्हरला युजर आले, पण सुरुवातीचा युजर आणि पासवर्ड दोन्ही 'अॅडमिन'. तेही पहिल्या दिवशीच बदलायचे.

रूटचा पासवर्ड बदलला की एक गोष्ट हमखास बंद पडते, आणि तिथेच लोक कंटाळून जुना पासवर्ड परत ठेवतात. ईव्हच्या विंडोज क्लायंट पॅकसोबत वायरशार्क हे पॅकेट बघण्याचं साधन येतं. लिंकवर उजवं क्लिक करून कॅप्चर सुरू केलं, की मागे विंडोजच्या आदेशांची एक छोटी बॅच फाइल धावते आणि एसएसएचने (दुरून लॉगिन करण्याच्या मार्गाने) रूट म्हणून सर्व्हरवर शिरून पॅकेट ओढून आणते. ही फाइल प्रोग्राम फाइल्समधल्या ईव्ह-एनजीच्या फोल्डरमध्ये असते, नाव वायरशार्क रॅपर. नोटपॅडमध्ये उघडून बघा: युजरनेम रूट, पासवर्ड ईव्ह, साध्या अक्षरांत लिहिलेले. नवा पासवर्ड तिथे टाकला की कॅप्चर पुन्हा चालू होतं.

आता याचा अर्थ नीट लक्षात घ्या. ही फाइल पंधरा मुलांच्या लॅपटॉपवर ठेवली, तर तुमच्या सर्व्हरचा रूट पासवर्ड पंधरा लॅपटॉपवर उघडा पडला. म्हणून क्लायंट पॅक फक्त शिकवणाऱ्याच्या मशीनवर. मुलांना पॅकेट दाखवायचे असतील तर शिक्षकाने कॅप्चर करून फाइल द्यावी, किंवा मुलांनी राउटरमधलंच एम्बेडेड पॅकेट कॅप्चर वापरायला शिकावं. नोकरीत तेच जास्त उपयोगी पडतं.

त्याच तासात आणखी थोडं उरकून घ्या. एसएसएचला पोचण्याची मुभा फक्त तुमच्या मशीनच्या पत्त्याला द्या. घड्याळ एनटीपीशी (नेटवर्कवरून वेळ देणाऱ्या सेवेशी) जुळवा, नाहीतर लॉगमधल्या वेळांना काही अर्थ राहत नाही. कम्युनिटी आवृत्तीचं वेब पान साध्या एचटीटीपीवर येतं, म्हणजे लॉगिनचा पासवर्ड वायफायवर उघडा वाहतो. अपाचेचं एसएसएल मॉड्यूल चालू करून, स्वतः सही केलेलं का होईना, सर्टिफिकेट बसवा आणि पोर्ट ८० वरची विनंती ४४३ कडे वळवा.

इमेज कुठून आणायच्या

टेलिग्रामवर आणि फाइल शेअरिंगच्या साइटवर 'सगळ्या इमेज एका झिपमध्ये' अशा जाहिराती फिरतात. त्या घेऊ नका. परवान्याचा भंग आहे हे एक कारण. दुसरं असं की कोणीतरी उघडून, बदलून, पुन्हा बांधलेली अख्खी ऑपरेटिंग सिस्टिम तुम्ही स्वतःच्या नेटवर्कमध्ये चालू करता. तिच्यात आत काय आहे हे तपासायला कुठलाच अँटिव्हायरस पुरा पडत नाही.

सरळ मार्ग पुरेसे आहेत. सिस्कोच्या इमेज सीएमएलच्या वर्गणीसोबत मिळतात, त्या कुठे आणि कशा वापरता येतात याच्या अटी आधी वाचा. अरिस्टाचं व्हीईओएस मोफत नोंदणी करून उतरवता येतं. ज्युनिपरने लॅबसाठी व्ही-जुनोस स्विच आणि राउटर मोफत ठेवले आहेत. मायक्रोटिकचं सीएचआर मोफत परवान्यावर दर इंटरफेसला १ एमबीपीएसची मर्यादा घालतं, आणि राउटिंग शिकायला तेवढं पुरतं. फोर्टिगेटच्या व्हीएमचा चाचणी परवाना एक सीपीयू आणि दोन जीबी रॅमपुरता चालतो. नोकिया एसआर लिनक्सचा कंटेनर मोफत उतरवता येतो, आणि एफआरआर हे राउटिंगचं सॉफ्टवेअर तर ओपन सोर्सच आहे. फाइल उतरवली की तिचा हॅश (फाइलच्या मजकुरातून निघणारी ओळखखूण) कंपनीच्या पानावरच्या हॅशशी ताडून बघा. मिनिटाचं काम आहे.

इमेज ठेवताना नवशिक्यांची दोन ठिकाणी गाडी अडते. क्यूईएमयूच्या फोल्डरमध्ये तुम्ही केलेल्या फोल्डरचं नाव ईव्हच्या ठरलेल्या उपसर्गानेच सुरू व्हावं लागतं, आणि आतल्या डिस्क फाइलचं नावही ठरलेलंच हवं. दोन्हींची यादी ईव्हच्या कागदपत्रांत आहे. फाइल ठेवल्यावर 'फिक्स परमिशन्स'चा आदेश द्यायचा राहिला, तर नोड सुरू होतो आणि लगेच बंद पडतो. नोड सुरूच होत नाही अशी तक्रार आली की मी सगळ्यात आधी ते बघतो.

कन्सोलचे उघडे दरवाजे

ईव्हमधल्या प्रत्येक नोडचा कन्सोल सर्व्हरच्या एका टेलनेट पोर्टवर ऐकत असतो. कम्युनिटीत हे पोर्ट ३२७६८ च्या पुढे सुरू होतात आणि प्रत्येक युजरच्या पॉडला (त्याच्या स्वतंत्र जागेला) १२८ पोर्टचा ठरलेला गट असतो. म्हणजे शेजारच्या मुलाचा पॉड क्रमांक आणि नोडचा क्रमांक माहीत असेल, तर त्याच्या राउटरचा पोर्ट साध्या बेरजेने निघतो. त्या पोर्टवर ईव्ह कुठलाही पासवर्ड विचारत नाही. पुटी हा टेलनेटचा प्रोग्राम उघडायचा, सर्व्हरचा पत्ता आणि पोर्ट टाकायचा, की समोर दुसऱ्याच्या राउटरचा प्रॉम्प्ट. परीक्षेच्या दिवशी याचा काय उपयोग होईल ते सांगायला नको.

यावर उपाय चांगला आहे, आणि फारसे लोक तो करत नाहीत. लॉगिनच्या पानावर 'एचटीएमएल५ कन्सोल' हा पर्याय असतो. तो निवडला की कन्सोल ब्राउझरमध्येच उघडतो, मागे ग्वाकामोली हे सॉफ्टवेअर सर्व्हरच्या आतल्या आत टेलनेट करतं. मुलाच्या मशीनपासून सर्व्हरपर्यंत फक्त वेबचा पोर्ट लागतो. तेव्हा सर्व्हरच्या आयपीटेबल्समध्ये (लिनक्सच्या फायरवॉलमध्ये) क्रमाने असं लिहा: लूपबॅकवरचं (सर्व्हरचं स्वतःशीच चालणारं) सगळं मान्य, आधीपासून सुरू असलेल्या जोडण्या मान्य, तुमच्या मशीनवरून एसएसएचचा २२ मान्य, वर्गाच्या सबनेटवरून ८० आणि ४४३ मान्य, बाकी सगळं नामंजूर. लूपबॅकची ओळ पहिली हवी, नाहीतर ब्राउझरमधले कन्सोलही बंद पडतील. नियम रीबूटनंतर टिकतात का तेही मशीन एकदा बंद-चालू करून बघून घ्या.

प्रत्येक मुलाला स्वतंत्र युजर द्या. 'स्टुडंट' नावाचं एकच खातं सगळ्यांनी वापरलं की सगळे एकाच पॉडमध्ये येतात, एकाने नोड थांबवला की सगळ्यांचा थांबतो, आणि कोणी काय केलं याचा पत्ता लागत नाही. कम्युनिटीत सगळे अॅडमिन असल्याने लॅबची फाइल पुसण्याची ताकद प्रत्येकाकडे राहते. म्हणून मूळ लॅब बाहेर, दुसऱ्या मशीनवर ठेवा आणि दर आठवड्याला एक्स्पोर्ट करून प्रत काढा.

क्लाउड: लॅब जिथे खऱ्या नेटवर्कला भिडते

सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, म्हणून हा भाग सावकाश वाचा.

ईव्हमध्ये 'क्लाउड०' नावाचा ढग कॅनव्हासवर ओढला आणि राउटरला जोडला, की तो राउटर सर्व्हरच्या पहिल्या नेटवर्क कार्डावरच्या ब्रिजवर, म्हणजे पीनेट० वर, जाऊन बसतो. त्याच ब्रिजवर ईव्हचं स्वतःचं मॅनेजमेंट चालतं. मुलाच्या राउटरला इंटरनेट मिळतं, मूल खूश होतं. पण त्या क्षणापासून तो राउटर तुमच्या संस्थेच्या लॅनमधलं खरं उपकरण झालेला असतो.

पुढे काय होतं ते एकेक बघू. मुलाने डीएचसीपीचा (आपोआप पत्ते वाटण्याचा) धडा करताना राउटरवर पत्त्यांचा पूल बनवला, तर रिसेप्शनचा संगणक त्या पूलमधून पत्ता उचलू शकतो, आणि फीची पावती छापणं बंद पडतं. एचएसआरपीचा (दोन राउटरनी मिळून एक गेटवे सांभाळण्याचा) धडा करताना संस्थेच्या गेटवेचाच पत्ता व्हर्च्युअल आयपी म्हणून टाकला, तर अख्ख्या ऑफिसचा ट्रॅफिक त्याच्या राउटरकडे वळू शकतो.

स्विच जोडला तर गोष्ट आणखी खोल जाते. लिनक्सचा ब्रिज स्पॅनिंग ट्रीच्या (स्विचांमधले फेरे टाळणाऱ्या प्रोटोकॉलच्या) प्रमाणित पत्त्यावरच्या फ्रेम पुढे पाठवत नाही, असं समजून काही जण निर्धास्त असतात. पण ब्रिजवर स्पॅनिंग ट्री बंद असेल तर तो त्या पुढे पाठवतो, आणि ईव्हचा कर्नल लॅबच्या सोयीसाठी बदललेलाही आहे. शिवाय सिस्कोचा स्वतःचा स्पॅनिंग ट्री, पीव्हीएसटी+, ०१००.०सीसीसी.सीसीसीडी या वेगळ्या मल्टिकास्ट पत्त्यावर बोलतो, आणि सीडीपी, व्हीटीपी, डीटीपी (शेजारी ओळखणं, व्हीलॅनची यादी वाटणं आणि ट्रंक जुळवणं यांचे सिस्कोचे प्रोटोकॉल) ०१००.०सीसीसी.सीसीसीसी वर. ब्रिजच्या लेखी ते साधे मल्टिकास्ट असल्याने आरपार निघून जातात. समोरच्या खऱ्या स्विचवर बीपीडीयू गार्ड (स्पॅनिंग ट्रीच्या फ्रेम आल्या की पोर्ट बंद करणारी सोय) असेल तर तो तुमच्या सर्व्हरचा पोर्ट एरर-डिसेबल करतो आणि अख्खी बॅच लटकते. ते नशीब चांगलं म्हणायचं. गार्ड नसेल आणि मुलाने स्विचची प्रायॉरिटी शून्य केली असेल, तर संस्थेच्या व्हीलॅनचा (स्विचवर वेगळ्या पाडलेल्या नेटवर्कचा) रूट ब्रिज, म्हणजे स्पॅनिंग ट्रीचा मुख्य स्विच, एका आभासी यंत्रात जाऊन बसू शकतो. डीटीपीने ट्रंक (अनेक व्हीलॅन वाहणारी जोडणी) जुळला आणि व्हीटीपीचं डोमेन नाव तेच निघालं, तर जास्त रिव्हिजन नंबरचा लॅबमधला स्विच खऱ्या स्विचांची व्हीलॅन यादी पुसून टाकतो. व्हीटीपीच्या पहिल्या दोन आवृत्त्यांचा हा जुना, सर्वांना ठाऊक असलेला स्वभाव आहे.

बंदोबस्त असा करा.

पीनेट० फक्त मॅनेजमेंटसाठी. मुलांना क्लाउड० वापरायचा नाही हे सांगून ठेवा, आणि सांगण्यावर विसंबूनही राहू नका. खऱ्या स्विचवर सर्व्हरच्या पोर्टला अॅक्सेस मोडमध्ये बांधा, डीटीपी बंद करा, बीपीडीयू गार्ड लावा, डीएचसीपी स्नूपिंगमध्ये (खोटे डीएचसीपी सर्व्हर अडवणाऱ्या सोयीत) तो पोर्ट अविश्वासू ठेवा, आणि सर्व्हरला स्वतःचं वेगळं व्हीलॅन द्या. संस्थेच्या फायरवॉलवर त्या व्हीलॅनमधून ऑफिसच्या व्हीलॅनकडे जाणारं सगळं बंद करा.

इंटरनेटसाठी क्लाउड९ राखून ठेवा. प्रोफेशनल आवृत्तीत नॅट क्लाउड (आतले पत्ते सर्व्हरच्या पत्त्यामागे लपवणारा) तयार मिळतो, कम्युनिटीत तो हाताने करावा लागतो, आणि अर्ध्या तासात होतो. क्लाउड९ मागच्या पीनेट९ या ब्रिजला लॅबपुरता पत्ता द्या, समजा १०.९९.९९.१/२४. त्याच्याशी कुठलंही खरं कार्ड जोडू नका. कर्नलमध्ये आयपी फॉरवर्डिंग चालू करा आणि या सबनेटचं बाहेर जाणारं सगळं मास्करेड करा, म्हणजे सर्व्हरच्या पत्त्याने पाठवा. इथपर्यंतच्या सूचना सगळीकडे सापडतात. त्यात जे सहसा नसतं ते असं: मास्करेडने ऑफिसची लॅन झाकली जात नाही. लॅबमधून १९२.१६८ च्या पत्त्याला पिंग मारला तर तो नॅट होऊन आरामात पोचतो. म्हणून फॉरवर्ड साखळीत आधी पीनेट९ वरून येऊन १०.०.०.०/८, १७२.१६.०.०/१२ आणि १९२.१६८.०.०/१६ कडे जाणारं नामंजूर करा, मग उरलेलं मान्य. आणि इनपुट साखळीत पीनेट९ वरून खुद्द ईव्हकडे येणारं डीएनएस आणि डीएचसीपी सोडून बंद करा, नाहीतर मूल लॅबच्या आतून सर्व्हरच्या लॉगिनपर्यंत पोचतं.

ईव्ह जर ईएसएक्सआयवर (व्हीएमवेअरच्या सर्व्हरवर) असेल, तर आतले नोड बाहेर बोलावेत म्हणून पोर्ट ग्रुपवर प्रॉमिस्क्युअस मोड आणि फोर्ज्ड ट्रान्समिट मान्य करावे लागतात. ते लॅबच्या वेगळ्या पोर्ट ग्रुपवरच करा. रोजच्या खऱ्या कामाच्या पोर्ट ग्रुपवर ही सूट दिली, तर लॅबमधलं यंत्र शेजारच्या व्हीएमचा ट्रॅफिक ऐकू शकतं.

घरून वापरायची सोय

मुलांना रात्री घरून सराव करायचा असतो, आणि ती मागणी रास्त आहे. पण त्यासाठी पोर्ट ८० इंटरनेटवर उघडू नका. इंटरनेट सतत चाचपणारे स्कॅनर नवा उघडा पोर्ट लवकरच शोधतात. भरपूर कोर आणि रॅम असलेला रूटसकट सर्व्हर ही क्रिप्टो मायनिंग करणाऱ्यांसाठी आयतीच मेजवानी.

लॅबचं सॉफ्टवेअर म्हणून हल्लेखोर त्याकडे दुर्लक्ष करत नाहीत, याचा पुरावा सिस्कोनेच दिला. सॉल्टस्टॅक या सर्व्हर सांभाळण्याच्या साधनातल्या सीव्हीई-२०२०-११६५१ आणि ११६५२ या त्रुटी २०२० च्या एप्रिलअखेर उघड झाल्या. त्यानंतर थोड्याच दिवसांत, ७ मे रोजी, सिस्कोच्या व्हीआयआरएल या लॅब उत्पादनाला सेवा देणारे सहा सर्व्हर त्याच त्रुटींतून फोडले गेल्याचं लक्षात आलं. ग्राहकांनी स्वतःकडे बसवलेल्या प्रतींतही सॉल्ट मास्टर चालू असेल आणि ४५०५-४५०६ पोर्ट बाहेरून गाठता येत असतील, तर तोच धोका होता.

वायरगार्डचा व्हीपीएन लावा. फक्त एक यूडीपी पोर्ट उघडावा लागतो, आणि योग्य किल्लीशिवाय तो कोणालाच उत्तर देत नाही, त्यामुळे स्कॅनरला दिसतही नाही. प्रत्येक मुलाला स्वतंत्र किल्ली द्या आणि बॅच संपली की काढा. व्हीपीएनमधून फक्त ईव्हच्या ४४३ पर्यंत वाट ठेवा.

घरगुती फायबरवर लॅब चालवणाऱ्यांची अडचण निराळी असते: कनेक्शन सीजीनॅटच्या (अनेक ग्राहकांत एकच सार्वजनिक पत्ता वाटण्याच्या रीतीच्या) मागे असतं, सार्वजनिक पत्ताच मिळत नाही. राउटरच्या वॅन पानावर १००.६४ ते १००.१२७ मधला पत्ता दिसला, की पोर्ट फॉरवर्डच्या नादी लागू नका. तिथे टेलस्केलसारखं साधन कामी येतं. तेही अंतर्गत पत्ते याच १००.६४.०.०/१० पट्ट्यातून देतं, हे मात्र माहीत असू द्या, म्हणजे एखाद्या ठिकाणी मार्ग गुंतले तर कुठे बघायचं ते कळेल.

गुगल क्लाउडवर नेस्टेड व्हर्च्युअलायझेशन (व्हीएमच्या आत व्हीएम) चालू करून ईव्ह बसवणारेही आता बरेच आहेत. तिथे फायरवॉलच्या नियमात स्रोत म्हणून ०.०.०.०/० लिहिण्याचा मोह आवरा, फक्त व्हीपीएनचा पोर्ट उघडा, आणि वर्ग संपला की मशीन थांबवा. चालू राहिलेल्या मशीनचं बिल महिन्याअखेरीस घाम फोडतं.

लॅबच्या फाइलमध्ये लपलेली गुपितं

नोकरी करणारी मुलं कंपनीच्या राउटरचं खरं कॉन्फिगरेशन लॅबमध्ये आणून तपासतात. अभ्यासाची ती चांगली रीत आहे. पण त्या मजकुरात टाइप ७ चे (सिस्कोच्या कच्च्या रीतीने लपवलेले) पासवर्ड असतात, आणि ते क्षणात उलगडता येतात. एसएनएमपीची (उपकरणांवर नजर ठेवणाऱ्या प्रोटोकॉलची) कम्युनिटी, म्हणजे त्याचा पासवर्ड, असते, आयपीसेकच्या सामायिक किल्ल्या असतात, खरे सार्वजनिक पत्ते असतात. ईव्हची लॅब फाइल ही मुळात एक्सएमएल आहे. स्टार्टअप कॉन्फिग साठवले की ते त्यात बेस६४ रूपात जातात. डोळ्याला ते अगम्य दिसतं, पण बेस६४ म्हणजे एन्क्रिप्शन नव्हे, कुठल्याही साधनाने एका झटक्यात मूळ मजकूर परत मिळतो. अशी फाइल मित्राला पाठवली की कंपनीच्या किल्ल्या पाठवल्यासारखंच. जीएनएस३ च्या पोर्टेबल प्रोजेक्टलाही हेच लागू.

म्हणून कॉन्फिग आत आणण्याआधी पासवर्ड, किल्ल्या, एसएनएमपी आणि सार्वजनिक पत्ते बदलून घ्यायची सवय मुलांना पहिल्या आठवड्यातच लावा. सार्वजनिक पत्त्यांच्या जागी १९२.०.२.०/२४, १९८.५१.१००.०/२४ आणि २०३.०.११३.०/२४ वापरा. हे पट्टे कागदपत्रांतल्या उदाहरणांसाठीच राखलेले आहेत.

बंदोबस्त खरंच लागू झाला का, ते तपासा

मुलाच्या खुर्चीवर बसून, मुलाच्या लॅपटॉपवरून, सर्व्हरवर उघडे पोर्ट शोधणारं एनमॅप चालवा. सगळे ६५,५३५ टीसीपी पोर्ट तपासा, कारण नेहमीच्या हजार पोर्टच्या यादीत बहुतेक कन्सोल सापडणारच नाहीत. काही नोड आधी सुरू करून ठेवा. उत्तरात ८० आणि ४४३ च दिसायला हवेत.

मग लॅबमध्ये एक लिनक्सचा नोड क्लाउड९ ला जोडा आणि तिथून तीन गोष्टी करून बघा: ८.८.८.८ ला पिंग लागला पाहिजे, ऑफिसच्या प्रिंटरला लागता कामा नये, ईव्हचं लॉगिन पान उघडता कामा नये. शेवटी सर्व्हरच्या खऱ्या कार्डावर जाणाऱ्या-येणाऱ्या फ्रेम दाखवणारं टीसीपीडम्प लावून पाच मिनिटं शांतपणे बघा, आणि त्याच वेळी एका मुलाला लॅबमध्ये स्विच, सीडीपी, डीएचसीपी सगळं सुरू करायला सांगा. लॅबमधल्या स्विचच्या नावाची एकही सीडीपी फ्रेम त्या कार्डावर दिसली, तर कुठेतरी क्लाउड० जोडलेला आहे. तो शोधा.

रोजची निगा

ईव्ह बंद पडण्यामागे सर्रास आढळणारं कारण म्हणजे भरलेली डिस्क. प्रत्येक चालू नोडची बदललेली डिस्क तात्पुरत्या फोल्डरमध्ये वाढत जाते. डिस्क शंभर टक्के भरली की डेटाबेस थांबतो आणि वेबवर लॉगिनच होत नाही, मग लोक पासवर्ड चुकला समजून तो बदलत बसतात. आधी 'डीएफ' चालवून जागा बघा. धडा संपला की मुलांना कॉन्फिग एक्स्पोर्ट करून नोड 'वाइप' करायला लावा.

सगळ्यांनी एकदम 'स्टार्ट ऑल' दाबलं तर नव्वद नोड एकाच वेळी बूट होऊ लागतात आणि सर्व्हर गुदमरतो. नोडच्या सेटिंगमध्ये डिले नावाचा रकाना आहे, त्यात नोडगणिक वीस-तीस सेकंदांचं अंतर टाका.

अपडेट करण्याआधी स्नॅपशॉट किंवा बॅकअप घ्या. नेहमीचे पॅकेज अपडेट करा, पण उबंटूची आवृत्ती तिच्या स्वतःच्या अपग्रेड आदेशाने पुढे नेऊ नका. ईव्हचा कर्नल आणि पॅकेज ठरावीक उबंटूशी बांधलेले असतात. नव्या उबंटूवरची ईव्ह हवी असेल तर नव्याने बसवून लॅब आयात करा. बॅच संपल्याच्या दिवशीच युजर पुसा, व्हीपीएनच्या किल्ल्या रद्द करा, सर्व्हरच्या रूटचा पासवर्ड बदला आणि तो शिक्षकाच्या मशीनवरच्या वायरशार्कच्या फाइलमध्येही टाका.

घुसखोरीची शंका आली तर

वर्ग नसतानाही सीपीयू शंभर टक्के, अनोळखी युजर, रात्री अडीचला रूटचं लॉगिन, असं काही दिसलं तर आधी नेटवर्कची केबल काढा. मशीन बंद करू नका, मेमरीतला पुरावा जातो. व्हीएम असेल तर मेमरीसकट स्नॅपशॉट घ्या, लॉगच्या प्रती बाहेर काढा. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार संस्थांनी अशा घटना लक्षात आल्यापासून ६ तासांत कळवायच्या असतात आणि लॉग १८० दिवस जपायचे असतात. म्हणून सर्व्हरचे लॉग रोज दुसऱ्या मशीनवर पाठवण्याची व्यवस्था आधीच करून ठेवा. क्लासचा व्याप लहान असला तरी, नोंदणीकृत कंपनी असाल तर हे निर्देश तुमच्यासाठीही आहेत.

त्यानंतर तो सर्व्हर साफ करत बसू नका. डिस्क पुसा, ईव्ह नव्याने बसवा, इमेज मूळ ठिकाणाहून पुन्हा आणून हॅश ताडा, लॅब बाहेरच्या प्रतीतून आयात करा. जुन्या सर्व्हरवर वापरलेला एकही पासवर्ड किंवा किल्ली नव्यावर येऊ देऊ नका. मुलांनी तोच पासवर्ड मेलला किंवा दुसरीकडे वापरला असेल, तर त्यांना त्याच दिवशी सांगा.